वार्ताहर ते माहितीपटकार: खान्देशात काम कसे उभे करावे

तालुक्याची बातमीदारी केलेल्या माणसाकडे माहितीपटाचे निम्मे भांडवल आधीच असते. कोणत्या गावात आधी कोणाला भेटायचे, रेंजर साहेब कार्यालयात कधी सापडतात, पहिल्या पावसानंतर कोणता घाट बंद होतो, हे बाहेरून आलेल्या युनिटला महिनाभर कळत नाही. बातमीदार अडतो दुसऱ्याच ठिकाणी. तो घटनेच्या दिवशी पोचतो, दोन बाईट घेतो, चार कटअवे (मधे जोडायचे शॉट) टिपतो आणि अंधार पडायच्या आत फुटेज पाठवून मोकळा होतो. माहितीपटाला घटनेच्या आधीचे आठवडे लागतात आणि मंडप उतरल्यानंतरचेही. कॅमेरा कोणता घ्यावा हा त्यानंतरचा प्रश्न.

विषय आवळून घ्या

‘सातपुड्यातले आदिवासी जीवन’ हा विषय नव्हे, ते पाठ्यपुस्तकातल्या धड्याचे नाव झाले. एक माणूस, त्याचे एक काम आणि त्या कामाला लागणारा काळ, एवढे एका ओळीत लिहिता आले तर विषय हाती आला समजा. ‘धडगाव तालुक्यातले एक कुटुंब मोहफुलांच्या हंगामात पैसे कसे उभे करते’ हे चालेल. ‘हतनूरच्या जलाशयावर हिवाळ्यात येणारे पक्षी मोजणारा माणूस’ हेही चालेल. ‘तापीचे प्रदूषण’ असे मोघम लिहिलेत तर शेवटी तुमच्याकडे अधिकाऱ्यांच्या मुलाखती आणि ड्रोनचे शॉट उरतील.

विषय निवडताना पंचांग आणि हंगाम समोर ठेवा, कारण चुकलेला हंगाम वर्षभर परत येत नाही. होळीच्या आधीच्या आठवड्यात आठवडी बाजारांना भोंगऱ्याचे, म्हणजे आदिवासींच्या होळीआधीच्या जत्रेचे, रूप येते. मार्च-एप्रिलमध्ये मोह, त्याच्या मागोमाग चारोळी. मे महिन्यात पाणी आणि केळीच्या बागा. श्रावणात कानबाई, दिवाळीत अस्तंभा डोंगराची यात्रा, दत्तजयंतीला सारंगखेड्याचा घोडेबाजार. या यादीतली एकच गोष्ट उचला. दोन उचलल्या तर दोन्ही अर्धवट राहतात.

पर्यावरणाच्या विषयात बातमीदाराला संघर्ष पटकन दिसतो, आणि तिथेच तो थांबतो. साक्री तालुक्यातल्या बारीपाड्याचे उदाहरण घ्या. गावाने जंगल राखले, चैत्राम पवार यांना २०२५ मध्ये पद्मश्री मिळाली, ही बातमी झाली. माहितीपटाचा प्रश्न वेगळा: राखणीची पाळी कोणाची असते, ती चुकली तर गाव काय करते, सरपणासाठी लाकूड कोणी कधी आणायचे हे कोण ठरवते? हे प्रश्न बोलून सुटत नाहीत, तिथे राहून बघावे लागतात.

कागदपत्रे शोधताना जिल्ह्याच्या नावांनी फसू नका. १९०६ मध्ये खान्देशचे पूर्व आणि पश्चिम असे दोन भाग झाले. पश्चिम खान्देश पुढे धुळे जिल्हा झाला आणि त्यातून १ जुलै १९९८ रोजी नंदुरबार वेगळा निघाला. अक्कलकुव्याच्या किंवा अक्राणीच्या (धडगाव तालुक्याच्या) त्याआधीच्या नोंदी म्हणूनच धुळ्याच्या नावाखाली सापडतात. १८८० चे खान्देश गॅझेटियर आणि धुळ्याचे राजवाडे संशोधन मंडळ या दोन ठिकाणी पहिले दोन दिवस घालवले तर पुढचे बरेच फेरे वाचतात.

पहिली फेरी कॅमेऱ्याशिवाय

पहिल्या भेटीला खिशात फक्त वही आणि फोन. कॅमेरा दिसला की गाव बातमीचा चेहरा धारण करते: तक्रारी पाठ म्हणून दाखवल्या जातात, पुढारी पुढे येतो, बायका मागे सरकतात. पावरा गावात पाटील, पुजारा आणि डाया या मानकऱ्यांना आधी भेटा, भिल्ल वस्तीत कारभाऱ्याला. ग्रामपंचायतीचे पत्र घ्याच, पण गावातल्या जुन्या रीतीने घेतलेला होकार जास्त टिकतो. धडगाव आणि अक्कलकुवा हे अनुसूचित क्षेत्रातले तालुके आहेत, १९९६ च्या पेसा कायद्याने तिथे ग्रामसभेला विशेष अधिकार आहेत. ग्रामसभेत उभे राहून काय चित्रित करणार, कुठे दाखवणार, पैसे मिळाले तर कोणाला, हे सांगून टाका. नंतर निघणारी भांडणे बहुतेक या तिसऱ्या मुद्द्यावरची असतात.

दुभाष्या त्याच पाड्यावरचा असावा. शिक्षक, ग्रामसेवक किंवा संस्थेचा कार्यकर्ता सोयीचा वाटतो, पण त्याच्यासमोर माणसे त्याला आवडेल तेच बोलतात. दुसरी अडचण अशी की दुभाष्या सारांश देतो. आजी तीन मिनिटे बोलते आणि तो सांगतो, ‘पाणी नाही म्हणते.’ त्याला आधीच सांगा की जागेवर अनुवाद नको, फक्त प्रश्न तिच्या बोलीत विचार आणि उत्तर संपू दे. शब्दन् शब्द नंतर रेकॉर्डिंगवरून उतरवून घ्यायचा. त्या उतरवण्याचे पैसे वेगळे द्या, ते काम दिवसभराच्या भटकंतीपेक्षा जास्त थकवते.

मुलाखतीचे पैसे देऊ नयेत हे बरोबर. पण तुमच्यासाठी कोणाचा दिवस बुडाला तर त्या दिवसाची मजुरी द्यावी, आणि ती गावात चालू असलेल्या दरानेच द्यावी. जास्त दिलीत तर पुढच्या पाड्यावर तुमच्याआधी तुमचा भाव पोचलेला असतो.

परवानग्या

यावल, अनेर धरण आणि गौताळा औट्रमघाट ही अभयारण्ये आहेत. तिथे चित्रीकरणाला वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ च्या कलम २८ खाली मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. प्रेस कार्ड इथे चालत नाही. अर्जात तारखा, माणसांची नावे, गाड्यांचे क्रमांक, उपकरणांची यादी आणि एक पानी गोषवारा द्या. अर्ज विभागीय कार्यालयातून वर जातो, त्यामुळे हंगामाच्या दोन-तीन महिने आधी तो हातात पडलेला हवा. गौताळ्यातल्या पाटणादेवीला दर्शनाला जाणे आणि तिथे ट्रायपॉड लावणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे नाक्यावर गेल्यावर समजू नये. राखीव वनातही वनक्षेत्रपालाला लेखी कळवून पोच घ्या.

ड्रोनसाठी ‘ड्रोन नियम २०२१’ लागू आहेत. २५० ग्रॅमपर्यंतचा ड्रोन नॅनो गटात येतो आणि त्याला रिमोट पायलट प्रमाणपत्र लागत नाही. त्याहून जड ड्रोन पैशाच्या कामासाठी उडवायचा तर प्रमाणपत्र हवेच, ड्रोनचा नोंदणी क्रमांकही हवा. हरित क्षेत्रात उंचीची मर्यादा ४०० फूट. अभयारण्यावर मात्र हलका असो की जड, वनखात्याच्या परवानगीशिवाय ड्रोन उडवू नका. घरट्याजवळ तर परवानगी असूनही नको. खरे सांगायचे तर सातपुड्याच्या माहितीपटांत ड्रोनचे शॉट गरजेपेक्षा फार झाले आहेत. सरदार सरोवराच्या फुगवट्यात कोणते पाडे तुटले, मणिबेलीपासून वर पाणी कसे दऱ्यांत शिरले, हे दाखवायला वरचा शॉट लागतो. तिथे तो जरूर घ्या.

काय सोबत न्यावे

कॅमेरा मागच्या चार-पाच वर्षांतला कोणताही मिररलेस चालतो. त्याच्या नावापेक्षा त्याची सेटिंग महत्त्वाची.

आपल्याकडचा वीजपुरवठा ५० हर्ट्झचा आहे. म्हणून फ्रेम रेट (सेकंदाला चित्रे) २५ आणि शटर १/५० सेकंद. फोन आणि अॅक्शन कॅमेरे बहुधा ३० वर लावलेले येतात. ते तसेच राहिले तर ट्यूबलाइटखाली चित्रात पट्टे सरकतात, आणि २५ च्या टाइमलाइनवर ३० चे फुटेज बारीक अडखळते. निघण्याआधी सगळी यंत्रे एका ओळीत मांडून २५ वर आणा, आणि तारीख-वेळ सेकंदापर्यंत जुळवा.

शटर १/५० वर बांधले की दुपारच्या उन्हात अडचण येते. आयएसओ १०० वर उघड्या उन्हात लेन्सचे छिद्र एफ २२ पर्यंत बंद करावे लागते आणि चित्र मऊ पडते. एफ ४ वर काम करायचे तर पाच स्टॉप उजेड कापावा लागतो (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा), म्हणजे एनडी ३२ हा काळसर फिल्टर. लॉगमध्ये (नंतर रंग भरण्यासाठीच्या फिक्या चित्रात) शूट करत असाल आणि कॅमेऱ्याचा मूळ आयएसओ ८०० असेल तर आणखी तीन स्टॉप, म्हणजे एनडी २५६. एनडी नाही म्हणून शटर १/२००० वर नेले की घोड्यांच्या टापा आणि नाचणारे पाय तुटक दिसतात. सारंगखेड्याच्या बाजारातल्या फुटेजमध्ये हा दोष हमखास सापडतो.

उन्हाचा दुसरा त्रास यंत्रांना होतो. बहुतेक कॅमेऱ्यांच्या पुस्तिकेत ४० अंश ही कामाची कमाल मर्यादा लिहिलेली असते, आणि जळगाव-भुसावळला मे महिन्यात पारा ४५ च्या आसपास जातो. उन्हात उभ्या जीपच्या डॅशबोर्डवर तो याहून बराच वर असतो. कॅमेऱ्यावर पांढरे सुती फडके टाका, स्क्रीन अंगापासून थोडी बाहेर उघडी ठेवा म्हणजे मागची उष्णता निघेल, आणि सलग चित्रीकरण पंधरा-वीस मिनिटांवर तोडा. बॅटरी गरम असताना चार्जिंगला लावू नका. ४५ अंशांच्या वर लिथियम बॅटरी चार्ज केली की तिचे आयुष्य घटते. रात्री घोंगडीवर न ठेवता फरशीवर ठेवून चार्ज करा. मे महिन्यात चित्रीकरणाचे तास पहाटे पाच ते नऊ आणि संध्याकाळी साडेचारनंतर. मधल्या वेळात कार्डे उतरवा, झोपा.

धडगावच्या आतल्या पाड्यांवर विजेवर विसंबून राहता येत नाही. दिवसाला चार बॅटऱ्या लागत असतील तर आठ न्या, आणि जीपच्या बॅटरीवर चालणारा चार्जर ठेवा.

आवाज

प्रेक्षक हललेले चित्र सहन करतो, फाटलेला आवाज करत नाही. बातमीदाराचा हात बूम माइक तोंडासमोर धरायला सरावलेला असतो. तो माइक आता बॅगेत राहू द्या. माणसाच्या हातात किंवा तोंडापुढे माइक आला की तो पुन्हा ‘प्रतिक्रिया’ देऊ लागतो.

लेपल माइक हनुवटीच्या खाली वीतभर अंतरावर लावा. सुती सदऱ्यात तो चांगला बसतो. सिंथेटिक साडी किंवा ओढणी मात्र प्रत्येक श्वासाला घासते, तिथे माइकच्या दोन्ही बाजूंना सर्जिकल टेपच्या दुमडलेल्या त्रिकोणी घड्या चिकटवा म्हणजे कापड माइकला टेकत नाही. पावरा आणि भिल्ल बायकांच्या गळ्यातली चांदी बोलताना वाजते. दागिना काढायला सांगू नका, माइक बाजूला खांद्याकडे न्या आणि वरून एक शॉटगन माइक लावा. रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. बोलण्याची शिखरे उणे १२ डेसिबलच्या आसपास राहतील अशी पातळी ठेवा.

साक्रीच्या ब्राह्मणवेल भागात पवनचक्क्या उगीच उभ्या राहिलेल्या नाहीत. पठारावर फोमचे टोपण काही कामाचे नाही, केसाळ डेडकॅटच लागते. ८० हर्ट्झखालचा आवाज कापणारा लो-कट वाऱ्यासाठी चालू करा, आणि ढोल सुरू व्हायच्या आधी बंद करायला विसरू नका. नाही तर ढोलाचे पोटच निघून जाते आणि मागे पत्र्याचा डबा उरतो.

ढोलाचे गणित निराळे आहे. होळीचे मोठे ढोल दोन-तीन मीटरवरून रेकॉर्ड केले तर माइकची कॅप्सूलच भरून जाते. मग रेकॉर्डर ३२ बिट फ्लोटचा, म्हणजे मोठा आवाजही न फाटता साठवणारा, असला तरी उपयोग नाही, कारण आवाज रेकॉर्डरपर्यंत पोचण्याआधीच फाटलेला असतो. मोकळ्या जागेत अंतर दुप्पट केले की पातळी साधारण ६ डेसिबलने उतरते. म्हणून दहा-पंधरा मीटर मागे या, शक्यतो थोड्या उंचवट्यावर, आणि स्टिरिओ रेकॉर्डर तिथे ट्रायपॉडवर सलग चालू ठेवा. कॅमेरा गर्दीत कुठेही फिरू द्या, आवाज या एका ठिकाणाहून येईल. अर्धा तास न तोडता चाललेली ढोलाची रेघ असली की संकलनात दहा ठिकाणचे शॉट तिच्यावर बसवता येतात. मधेमधे थांबवलेल्या रेकॉर्डिंगवर ताल कधीच जुळत नाही.

प्रत्येक जागा सोडताना एक मिनिट कोणी न बोलता नुसता तिथला आवाज घ्या. केळीच्या बागेत ठिबकचा बारीक आवाज असतो, नर्मदेच्या काठी बोटीचे इंजिन दुरून येते. मुलाखतीतले ‘अं’ आणि खोकले कापल्यावर पडणारी भोके बुजवायला दुसरा उपाय नाही.

एक सकाळ: मोहफुले

सरावासाठी यापेक्षा चांगला विषय मिळणार नाही, कारण तो रोज सकाळी पुन्हा घडतो आणि त्यात चित्र, आवाज, पैसा आणि जंगल सगळे आहे.

फुले पहाटेपासून गळू लागतात आणि ऊन चढेपर्यंत गळतात. वेचणारे अंधारातच झाडाखाली पोचतात, म्हणून तुम्ही पाड्यावर आदल्या रात्री मुक्कामाला हवेत. पहिला शॉट घरातून निघण्याचा: टोपली उचलणे, बाळ पाठीला बांधणे, दार ओढून घेणे. त्यांच्या मागे चालत गेलात तर फक्त पाठी मिळतील. म्हणून आदल्या दिवशी वाट बघून ठेवा, एकाने आधी पुढे जाऊन वळणावर थांबावे. झाडाखाली पोचल्यावर लगेच कॅमेरा चालू करू नका, आधी माइक जमिनीजवळ ठेवा. फुले मांसल असतात, वाळलेल्या पानांवर पडताना टपटप स्पष्ट ऐकू येते, आणि उजाडल्यावर पाखरांच्या गलक्यात ती हरवते.

मग हात. बोटे फूल कसे उचलतात, मुठीत किती मावतात, मूठ टोपलीत कधी रिकामी होते. हा शॉट दहा सेकंदांचा नको, दोन मिनिटांचा घ्या. त्यानंतर चेहरा, त्याच उंचीवरून, म्हणजे तुम्हीही बसून. मग झाड आणि माणसे एकत्र दिसतील असा दूरचा शॉट. या तीन अंतरांवरून एकच काम सुरुवातीपासून शेवटपर्यंत मिळाले की निवेदनाशिवाय प्रसंग उभा राहतो. पुढे अंगणात फुले वाळत घालणे, रोज पालटणे, आणि शेवटी व्यापाऱ्याचा काटा. काट्यावरचा आकडा आणि हातात पडलेले पैसे एका फ्रेममध्ये घ्या. सगळी अर्थव्यवस्था त्या फ्रेममध्ये येते.

यात एक पेच आहे. फुले नीट दिसावीत म्हणून झाडाखालचा पाचोळा जाळण्याची पद्धत आहे आणि ती आग पुष्कळदा पसरते. जंगलातल्या वणव्यांचे ते एक कारण आहे. १९२७ च्या वन कायद्याने राखीव वनात आग लावणे गुन्हा आहे, तेव्हा काडी ओढतानाचा तुमचा शॉट उद्या पुरावा होऊ शकतो. हा मुद्दा गाळू नये, तो माहितीपटाचा गाभाही असू शकतो. पण जळता पाचोळा दाखवा आणि चेहरा दाखवू नका. मोहाच्या दारूबाबतही तेच, महाराष्ट्रात दारूबंदी कायदा १९४९ पासून आहे आणि भट्टीजवळचा चेहरा म्हणजे त्या माणसाच्या घरी पोलिस. बातमीत ‘एक्स्क्लुसिव्ह’ म्हणून जे खपते ते इथे विश्वासघात ठरते.

काठीची होळी: रात्रीचे चित्रीकरण

अक्कलकुवा तालुक्यातल्या काठीची राजवाडी होळी भल्या पहाटे पेटते. सगळे कॅमेरे त्या क्षणासाठी येतात आणि त्यांना सगळ्यांना सारखेच फुटेज मिळते. वेगळे हवे असेल तर आदल्या दुपारी पोचा. उंच बांबूचा दांडा येतो, खड्डा अवजार न वापरता हाताने केला जातो, दांडा सजतो, तो उभा करताना शेकडो हात लागतात. बावा आणि बुध्या या नवस धरलेल्यांची तयारी, कमरेला वाळलेल्या दुधींची माळ, मोरपिसांचा टोप, अंगावरची राखेची नक्षी, हे सगळे दिवसाउजेडी मिळते. नवस धरलेल्यांचे आपापले नियम असतात, त्यांना हात लावण्यापासून त्यांच्यापुढे चपला घालून जाण्यापर्यंत. आधी विचारा. विचारले म्हणून कोणी रागावत नाही, न विचारता अंगावर धावून गेलेल्या कॅमेऱ्यावर मात्र गाव रागावते.

रात्री कॅमेऱ्यावरचा एलईडी लावू नका. त्याने तुमच्यासमोरचे तीन चेहरे पांढरे होतात आणि मागची होळी काळी पडते. एफ १.८ किंवा २ ची ३५ मिमी लेन्स, शटर १/५०, आयएसओ ३२०० ते ६४००, हे होळी पेटण्याआधी. पेटल्यावर आयएसओ ८०० पर्यंत खाली आणा, नाही तर ज्वाळेचा नुसता पांढरा गोळा दिसेल. ऑटो आयएसओ बंद ठेवा, ज्वाळा हलेल तसे चित्र श्वास घेतल्यासारखे उजळते-विझते आणि ते दुरुस्त होत नाही. व्हाइट बॅलन्स ३२०० केल्विनवर बांधा. ऑटोवर सोडला तर कॅमेरा आगीचा केशरी रंगच धुऊन टाकतो. फोकस पेटण्याआधीच एखाद्या उभ्या माणसावर लावून हाताने पक्का करा. होळी पेटल्यानंतर बहुतेक कॅमेरे आगीकडेच राहतात, तुम्ही वळून आगीच्या उजेडातले चेहरे घ्या.

लहान मुलांचे आणि नशेत असलेल्यांचे जवळचे शॉट टाळा. भोंगऱ्याबद्दल ‘जोडीदार पळवण्याचा बाजार’ असे मथळे वर्षानुवर्षे छापून आले आहेत आणि त्या समाजातल्या शिकलेल्या मुलामुलींना त्याचा मनापासून संताप आहे. तेच निवेदन पुन्हा लिहाल तर पुढच्या वर्षी त्या बाजारात उभे राहू नका.

डोंगर आणि पाखरे

अस्तंभ्याची चढण भाविक रात्री चढतात. कॅमेऱ्यामागच्या माणसाच्या पाठीवर ६-७ किलोपेक्षा जास्त वजन नको: एक कॅमेरा, दोन लेन्स, हलका मोनोपॉड, छोटा रेकॉर्डर, तीन लिटर पाणी. ट्रायपॉड खालीच ठेवा. चढणाऱ्यांच्या पुढे राहायचे तर तुम्हाला त्यांच्यापेक्षा वेगाने चढावे लागते, म्हणून दोघांनी आळीपाळीने पुढे जावे. मागे पावले टाकत, उलटे चालत शूट करणे बंद. अशाने माणसे पडतात. तोरणमाळच्या सीताखाईच्या कड्यावर किंवा पावसाळ्यात मनुदेवीच्या धबधब्याशी काम करताना कॅमेरा चालवणाऱ्याच्या पट्ट्याला हात लावून दुसरा माणूस उभा असलाच पाहिजे. व्ह्यूफाइंडरमध्ये डोळा गेला की पाय कुठे आहेत ते कळत नाही.

रानपिंगळ्यावर काम करायचे अनेकांच्या मनात असते, आणि कारण तसेच आहे. १८८४ नंतर या घुबडाची खात्रीची नोंद नव्हती. १९९७ च्या नोव्हेंबरमध्ये पामेला रासमुसेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांना ते शहाद्याजवळ पुन्हा दिसले. ते दिवसा वावरते, त्यामुळे चित्रीकरण जमण्यासारखे आहे. पण त्याची हाक मोबाइलवर वाजवून त्याला जवळ बोलावू नका. हद्द राखायला तो पुन्हा पुन्हा येतो, दमतो, आणि विणीच्या काळात घरटे उघडे पडते. ५०० मिमीची लेन्स आणि तीन दिवसांची बैठक हाच मार्ग. फाइलमधली जीपीएस माहिती प्रसिद्धीपूर्वी काढून टाका, आणि निवेदनात नाल्याचे किंवा पाड्याचे नाव सांगू नका.

मुलाखत

बातमीचा प्रश्न मत मागतो: ‘शासनाने काय करायला हवे असे तुम्हाला वाटते?’ उत्तर ठरलेले येते. त्याऐवजी घडलेले विचारा. ‘विहीर आटली त्या दिवशी सकाळी काय केलेत?’ ‘पहिली कोणती वस्तू विकली?’ अहिराणी येत असेल तर अहिराणीतच विचारा, प्रमाण मराठीत प्रश्न आला की रावेर-यावलचा शेतकरीही अर्ज लिहिल्यासारखे बोलू लागतो. उत्तर संपल्यावर पाच सेकंद गप्प राहा. बातमीदाराला हे फार जड जाते, पण कामाचे वाक्य पुष्कळदा तिथेच येते. मुलाखत बसवून घेण्यापेक्षा हातात काम असताना घ्या, आणि संमती कागदावर घ्याच, शिवाय कॅमेऱ्यावर त्यांच्या बोलीतही घ्या: नाव, कशासाठी, कुठे दाखवणार. गाणे म्हणणाऱ्यांची संमती वेगळी. लोकगीत परंपरेचे असले तरी ते गाणाऱ्या व्यक्तीला १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलाकार म्हणून हक्क आहेत.

फुटेज सांभाळणे आणि जोडणे

१०० एमबीपीएसने रेकॉर्ड केले तर तासाला ४५ जीबी होतात. दिवसाला तीन तास धरले तर १३५ जीबी, आठ दिवसांत टीबीच्या वर. रोज रात्री दोन वेगवेगळ्या डिस्कवर प्रत, आणि त्या दोन डिस्क दोन वेगळ्या माणसांच्या बॅगेत. तिसरी प्रत गावी परतल्यावर. नुसते कॉपी-पेस्ट न करता पडताळणी करणारे सॉफ्टवेअर वापरा, आणि दोन्ही प्रती उघडून पाहिल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करू नका. फोल्डरला तारीख, गाव, कॅमेरा असे नाव द्या. ‘न्यू फोल्डर ३’ मधले फुटेज सहा महिन्यांनी हरवल्यातच जमा असते.

तीस मिनिटांच्या माहितीपटासाठी दहा तासांचे रशेस (कच्चे फुटेज) म्हणजे २० ला १ हे प्रमाण बरे. चाळीस तास झाले असतील तर विषय आवळलेला नव्हता.

संकलनाला बसण्याआधी सगळ्या मुलाखती कागदावर उतरवा. वाक्ये कापून जमिनीवर मांडा, क्रम लावा, मग टाइमलाइन उघडा. निवेदन सर्वात शेवटी. व्हीओ (निवेदन) आधी लिहून त्यावर चित्रे डकवायची सवय ही बातमीची सवय आहे, आणि प्रेक्षकाला ती पहिल्या मिनिटात ओळखू येते. जे चित्रात दिसते आहे ते निवेदनात सांगू नका. दिसत नाही तेवढेच सांगा: साल, अंतर, भाव, नाते. पहिल्या जुळणीवर एकही निवेदन नसावे, आणि तिथे जे समजत नाही तेवढ्यापुरतीच वाक्ये लिहा.

अहिराणी, पावरी किंवा भिलोरीला मराठी उपशीर्षके देताना दोन ओळींच्या वर जाऊ नका आणि एक ओळ ३५-४० अक्षरांत बसवा. बोलणाऱ्याचे प्रमाण मराठीत ‘शुद्धीकरण’ करू नका, वाक्य तुटक असेल तर तुटकच राहू द्या. अंतिम आवाज महोत्सव आणि प्रसारणासाठी उणे २३ एलयूएफएस (एकूण आवाजाच्या पातळीचे माप), इंटरनेटसाठी उणे १४ च्या आसपास.

दाखवणे

जाहीर प्रदर्शनासाठी १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार प्रमाणपत्र लागते. महोत्सवांना त्यातून सूट मिळते, ती आयोजक घेतात. मुंबईचा मिफ (मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) हा दर दोन वर्षांनी भरतो आणि तो माहितीपट, लघुपट व अॅनिमेशनसाठीच आहे. पर्यावरणाच्या विषयाला पुण्याचा किर्लोस्कर वसुंधरा महोत्सव जवळचा. पाठवताना नियमावलीतली ‘पहिले प्रदर्शन’ ही अट वाचा. घाईने यूट्यूबवर टाकलेला माहितीपट काही ठिकाणी बाद होतो.

गावात मात्र सर्वांच्या आधी दाखवा, आणि तेही अंतिम मिक्सिंगच्या आधी, म्हणजे दुरुस्ती शक्य असताना. पांढरे धोतर किंवा शाळेची भिंत, भाड्याचा प्रोजेक्टर, जनरेटर, एक चांगला स्पीकर एवढ्यात भागते. जनरेटर पन्नास पावलांवर ठेवा. एखाद्या बाईने आपला प्रसंग काढायला सांगितला तर काढा, मग तो संकलनात कितीही चांगला बसलेला असो. नात्यांची आणि कुळांची नावे चुकलेली असतात, ती इथेच कळतात.

शेवटची प्रत गावाला फोनवर चालेल अशी द्या: ७२०पी, २ एमबीपीएस, तीस मिनिटांची फाइल साधारण ४५० एमबी होते. आतल्या पाड्यांवर एवढी फाइल डाउनलोड होत नाही, तेव्हा लिंक पाठवून भागवू नका. चार-पाच मेमरी कार्डे भरून पोरांच्या हातात द्या, आठवडाभरात ती सगळ्या फोनांवर जाते.